एका वेलांटीची चौकशी

प्रूफकाकांना भ्रष्टाचाराशी काही देणंघेणं नव्हतं. हे आधीच सांगून टाकलेलं बरं. कारण पुढे पंचायतीत, कोर्टात आणि एका वर्तमानपत्रात त्यांच्याविषयी जे काही बोललं-छापलं गेलं, त्यावरून कुणाचाही समज व्हावा की हा माणूस जन्मतःच मुठी आवळून आला असणार. तसं काही नव्हतं. त्यांना फक्त एक वेलांटी बदलून हवी होती. आणि एक उकार. आणि जमलंच तर एक ऊ.

काका नोकरीभर एका छापखान्यात मुद्रितशोधक होते. छापण्याआधी मजकुराचा जो कच्चा कागद निघतो त्याला प्रूफ म्हणतात, आणि त्यातल्या चुका लाल पेनने टिपणं हे त्यांचं काम. निवृत्त झाल्यावर शहरातली खोली सोडून ते काकूंसह या गावाच्या कडेला छोटंसं घर बांधून राहायला आले, ते शांतता मिळावी म्हणून. आल्या आल्या केस कापायला गेले, तेव्हा न्हाव्याने सहज विचारलं, "काय करत होता आपण?"

"प्रूफं पाहत होतो."

न्हाव्याची कात्री हवेतच थांबली. "कसली प्रूफं?"

"कसलीही. सरकारी, खासगी, राजकारण्यांची. समोर येईल ते पाहायचं, चूक दिसली की धरायची."

काकांचे केस पुरते कापून व्हायच्या आत गावभर झालं की कडेच्या घरातला नवा माणूस कुठल्याशा गुप्त खात्यातला आहे. तेव्हापासून ते प्रूफकाका झाले. नाव कानाला वाईट नव्हतं, अशुद्धही नव्हतं, म्हणून काकांनीही ते चालू दिलं.

त्यांच्या गॅलरीसमोर रस्ता होता आणि रस्त्यापलीकडे एक मोकळी जागा. जागेत काटेरी झुडपं, चाक निखळलेली एक हातगाडी आणि दोन शेळ्या. रस्त्याच्या कडेला, दोन लोखंडी खांबांवर, निळ्या रंगाचा ऐसपैस फलक : 'पंचायतीच्या निधीतुन उभारलेले सार्वजनीक बालऊद्यान'.

आता तुम्हाआम्हाला हा फलक वाचून पहिला प्रश्न पडेल तो असा की, उद्यान कुठे आहे? काकांना तो पडला नाही. मुद्रितशोधकाने अक्षरं वाचायची, मजकूर वाचायचा नाही. मजकुरात शिरला की तो बुडालाच, असं छापखान्यातल्या वरिष्ठांनी त्यांना बजावलं होतं आणि काकांनी ते व्रतासारखं पाळलं होतं. जाडजूड रहस्यकथांची प्रूफं त्यांनी पहिल्या पानापासून शेवटपर्यंत तपासली, पण खून कोणी केला हे त्यांना एकाही कथेत माहीत नव्हतं. खुनातला खु पहिला की दुसरा, एवढंच त्यांनी पाहिलं होतं.

गावालाही उद्यान नसल्याचं काही वाटत नसे. "बालउद्यानावरून डावीकडे वळा," असं लोक सहज सांगायचे. "शेळी कुठेय?" "बालउद्यानात," असे संवाद व्हायचे. फलक होता, त्यामुळे उद्यानही कुठेतरी असेलच, अशी एक गोड समजूत सगळ्यांनी करून घेतली होती.

काकांच्या मात्र रोज सकाळी चहाचा पहिला घोट आणि 'सार्वजनीक'मधली ती दुसरी वेलांटी एकदमच घशात जाऊन अडायची.

"खुर्ची फिरवून बसा की," काकू म्हणाल्या.

काका पाठ करून बसले. दोन मिनिटांनी म्हणाले, "पाठीला टोचतेय."

"काय?"

"वेलांटी."

काकूंनी कपाळाला हात लावला आणि हार्मोनियम घेऊन त्या वर्गाला निघून गेल्या. काकूंनी पंचायतीच्या सभागृहात बायकांचा गाण्याचा वर्ग सुरू केला होता. वर्ग जोरात चालला होता. निदान आवाज तरी जोरात होता. काका इकडे कपडे करून पंचायतीच्या कचेरीत गेले.

कचेरीत ग्रामसेवक बसले होते. ते पंचायतीचे कागदपत्र सांभाळत, आणि बहुतेक वेळ त्यांच्यावर कोपर टेकून बसून सांभाळत. काकांनी आपलं म्हणणं अर्जात लिहूनच नेलं होतं. अर्ज सुबक होता, समास सोडलेला होता, आणि त्यात एक वाक्य होतं : 'सदर फलक चुकीचा असून तो त्वरित दुरुस्त करण्यात यावा.'

ग्रामसेवकांनी ते वाक्य वाचलं आणि कोपर उचललं. "चुकीचा म्हणजे?"

"म्हणजे चुकीचा. तीन ठिकाणी."

"तीन?" ग्रामसेवकांचा आवाज चिरकला. "आम्हाला वाटलं एकाच ठिकाणी कुणाच्या लक्षात येईल."

काकांनी त्यांच्याकडे कौतुकाने पाहिलं. एक तरी चूक या माणसाच्या ध्यानात आहे म्हणायची! "सगळं लक्षात येतं हो," ते समजुतीने म्हणाले. "सगळा जन्म यातच गेला आहे माझा."

त्यावर ग्रामसेवकांनी पाणी मागवलं, आणि ते स्वतःच प्यायले.

काही दिवसांनी पंचायतीचं उत्तर आलं. 'आपला आरोप बिनबुडाचा आहे. तपासणीअंती सदर फलक बरोबर असल्याचे निदर्षनास आले आहे.' काकांच्या डोळ्यांसमोर 'निदर्षनास'मधला पोटफोड्या ष नाचू लागला. त्यांनी लाल पेन काढलं, उत्तर तपासलं, समासात खुणा केल्या, खाली 'पुनश्च पाहावे' असा शेरा मारला आणि ते उत्तर पंचायतीला परत पाठवलं. यात त्यांचा हेतू स्वच्छ होता. छापखान्यात पंचवीस वेळा प्रूफ परत गेलं तरी कुणी मनाला लावून घेत नसे. पण पंचायतीत ही पद्धत नव्हती. सरपंचांना तो लाल शेरा धमकीसारखा दिसला.

इथे शेजारच्यांचा प्रवेश झाला. उजवीकडच्या शेजाऱ्यांना गाव 'अनुभवी' म्हणत असे, कारण त्यांचं प्रत्येक वाक्य 'माझा अनुभव असा' असं सुरू व्हायचं. ते म्हणाले, "माझा अनुभव असा, अर्ज एकाला करायचाच नाही. एकाला केला की तो झोपतो. पाच जणांना केला की पाचही जागे राहतात, आपल्याआधी दुसरा जागा होईल या भीतीने."

काकांनी वरच्या सगळ्या कचेऱ्यांना प्रती धाडल्या. त्या सगळ्या कचेऱ्यांनी 'योग्य त्या कार्यवाहीसाठी' असा शिक्का मारून त्या खालच्या कचेरीला पाठवल्या, आणि अशा रीतीने एकच अर्ज सगळ्या दिशांनी गावात येऊन त्याच ग्रामसेवकांच्या टेबलावर पडला. तो गडी बिचारा जेवेनासा झाला.

"माझा अनुभव असा," अनुभवी म्हणाले, "की आता वकील लागेल."

डावीकडे एक वकीलबाई राहत होत्या. हुशार होत्या, सनद नवीकोरी होती, काळा कोट इस्त्री करून तयार होता. फक्त खटला नव्हता. त्या वही-पेन घेऊन आल्या आणि पहिलाच प्रश्न विचारला, "काका, प्रूफ आहे ना तुमच्याकडे?"

काका हसले. "पोरी, मला काय विचारतेस? प्रूफांशिवाय मी केलं काय आयुष्यात?"

वकीलबाईंच्या डोळ्यांत तेज आलं. त्या दोन दिवस घराबाहेर पडल्या नाहीत. मग टाइप केलेला अर्ज घेऊन आल्या, "वाचून सही करा" म्हणाल्या. काकांनी तो लाल पेन घेऊन अथपासून इतिपर्यंत वाचला. स्वल्पविराम घातले, 'निधिचा' होतं ते 'निधीचा' केलं, 'अपहार' बरोबर लिहिलाय म्हणून पोरीची पाठही थोपटली. आणि सही केली. त्या अर्जात पंचायतीने बालउद्यानाच्या निधीचा गैरवापर केला असून न्यायालयाने चौकशी करावी अशी मागणी आहे, हे काकांच्या ध्यानातही आलं नाही. ते अक्षरं वाचत होते.

कोर्टात ते चक्क नवा शर्ट घालून गेले. अखेर आपल्या वेलांटीची दाद एका न्यायमूर्तींपुढे लागते आहे, या विचाराने त्यांची छाती भरून आली होती. पंचायतीचे वकील खूप बोलले. उद्यान कसं मंजूर झालं, कसं उभं राहिलं, लहान मुलांचा कसा विकास होतो आहे.

न्यायाधीशांनी विचारलं, "उद्यान नेमकं कुठे आहे?"

"फलकाच्या मागे, महाराज."

"फलकाच्या मागे काय आहे?"

पंचायतीचे वकील कागद चाळू लागले. कुणी विचारलं आणि आपल्याला उत्तर ठाऊक असलं की ते सांगणं ही काकांची सवय. ते बाकावरून उठून म्हणाले, "दोन शेळ्या."

कोर्ट हसलं. न्यायाधीश हसले नाहीत. त्यांनी चष्मा काढला, पुसला, परत घातला, आणि पंचायतीच्या निधीच्या कथित गैरवापराची स्थळपाहणीसह चौकशी करावी, असा आदेश दिला.

"पण वेलांटीचं काय?" काकांनी बाहेर आल्यावर विचारलं.

"कसली वेलांटी?" वकीलबाई म्हणाल्या. "काका, आपण जिंकलो!"

दुसऱ्या दिवशी वर्तमानपत्रात काकांचा फोटो आला. खाली लिहिलं होतं : 'भ्रष्टाचाराविरूद्ध एकाकी झुंज'. 'विरूद्ध'मधला रू दुसरा होता. काकांनी पेपर घडी करून टेबलावर ठेवला. मग हळू आवाजात काकूंना म्हणाले, "मी कुठे झुंजलो?"

"तुम्ही वेलांटी आणायला गेलात आणि चौकशी घेऊन आलात," काकू म्हणाल्या. "आता वाढून ठेवलंय ते बघा."

वाढून ठेवलेलं लवकरच समोर आलं. पहिल्यांदा न्हाव्याने दाढीचे पैसे घ्यायला नकार दिला, तो आदराने की भीतीने हे काकांना कळेना. मग रस्त्यात अनोळखी माणसं त्यांचा हात हातात घेऊन दाबू लागली आणि इकडेतिकडे बघत निघून जाऊ लागली. वाण्याच्या दुकानात ते शिरले की बोलणं थांबायचं. आणि मग सभागृहाला कुलूप लागलं. दारावर कागद : 'चौकशी चालू असल्याने सभाग्रुह बंद'.

"सभाग्रुह!" काका कळवळले.

"तुम्हाला ते दिसतंय?" काकूंचा आवाज वरच्या पट्टीत गेला. "माझा वर्ग बंद झालाय, ते दिसत नाही?"

वर्ग बंद झाला नाही. तो काकांच्या बैठकीच्या खोलीत आला. रोज दुपारी सोफ्यावर, खुर्च्यांवर, सतरंजीवर बायका बसायच्या, मध्ये हार्मोनियम, आणि सा लागायचा. प्रत्येकीचा सा स्वतंत्र होता. काकांनी स्वयंपाकघरात बसून पाहिलं, गॅलरीत बसून पाहिलं, शेवटी ते गच्चीवर जाऊन बसले, तर सा जिन्याने वर आला. शांततेसाठी गावी आलेला माणूस हा! त्यांनी वकीलबाईंना विचारलं की तक्रार मागे घेता येते का. वकीलबाई म्हणाल्या, "काका, आता ती तुमची राहिलीच कुठे? ती कोर्टाची झाली."

अशा वेळी सरपंच घरी आले.

सरपंच अंगाने भारी, बोलण्याने मऊ. कुणाशी भांडले तरी समोरच्याला आपली विचारपूस झाल्यासारखं वाटावं, अशी त्यांची रीत. काकूंनी चहा ठेवला. सरपंच खुर्चीत बसले, खुर्ची कुरकुरली, मग तेही कुरकुरले. "काका, आमचं काय चुकलं?"

"तीन चुका आहेत," काका म्हणाले. "पहिली, निधीतून. त्यातला तू दुसरा हवा."

आणि काकांनी टेबलावर बोटाने काढून त्यांना सगळं समजावलं. तू, नि, उ. सरपंच ऐकत होते. हळूहळू त्यांच्या चेहऱ्यावर असा काही प्रकाश पसरत गेला, की बघणाऱ्याला वाटावं या माणसाला व्याकरणाची फार आवड आहे.

"म्हणजे तुमची तक्रार... एवढीच आहे?"

"एवढीच. मी पहिल्यापासून तेच सांगतोय, कुणी ऐकतच नाही."

सरपंचांनी चहाचा कप खाली ठेवला. त्यांचे डोळे भरून आले होते. "काका, उद्या नवीन फलक लावतो. तुमच्या हस्ताक्षरात मजकूर द्या, पेंटरच्या बापाचीही चूक करायची छाती होणार नाही. काकू, सभागृह उद्यापासून तुमचं. फक्त एक करा. चौकशीचे साहेब येतील तेव्हा एवढंच म्हणा, माझं समाधान झालं."

"म्हणेन की," काका म्हणाले. "झाल्यावर म्हणायला काय हरकत?"

"एवढं वाक्य बोला आणि मोकळे व्हा," काकूही म्हणाल्या. दोघांनाही हलकं वाटलं. त्या दुपारी सा सुद्धा जरा जवळजवळ लागला.

नवा फलक खरोखरच आला. काकांनी पेंटरच्या शेजारी उभं राहून तो करून घेतला. 'पंचायतीच्या निधीतून उभारलेले सार्वजनिक बालउद्यान.' एकही चूक नाही. काकांनी चहाचा कप गॅलरीत नेला आणि कितीतरी महिन्यांनी पूर्ण प्यायला.

पण फलकाबरोबर आणखीही काही आलं. शेजारच्या मोठ्या गावात एक डेकोरेशनवाला होता. वाढदिवस, उद्घाटनं, मेळावे, काही असो, खुर्च्यांपासून कारंज्यांपर्यंत सगळं भाड्याने द्यायचा. स्थळपाहणीच्या आदल्या दिवशी त्याचे टेंपो मोकळ्या जागेत शिरले. झुडपं गेली, हातगाडी गेली, शेळ्यांना मानाने बाजूला केलं. हिरवी जाजमं अंथरली गेली, भोवती कुंपण आलं, कुंड्या रांगेत लागल्या, आणि मग उतरली एक लाल घसरगुंडी, झोके, गोल फिरणारं चक्र, आणि पाठीवर दोन मुलं बसतील एवढा प्लास्टिकचा हत्ती. सूर्य मावळायच्या आत बालउद्यान झालं.

गावातली पोरं कुंपणापाशी उभी राहून बघत होती. आत जायला कुणी सांगितलं नव्हतं, जाऊ नका असंही कुणी म्हटलं नव्हतं. पहिलं पोर आत शिरलं आणि मग धरणाचे दरवाजे उघडावेत तसं झालं.

दुसऱ्या दिवशी चौकशी अधिकारी आलेच नाहीत. निरोप आला, गाडी बिघडली. पुढची तारीख पडली. त्या तारखेला साहेबांना ताप आला. मग आणखी एक तारीख. डेकोरेशनवाला रोज फोन करून विचारी, "माल उचलू का?" आणि सरपंच रोज घाम पुसत म्हणत, "आजचा दिवस राहू दे." तिकडे भाडं चढत होतं, इकडे पोरं चढत होती, घसरगुंडीवर. शाळा सुटली की दप्तरं थेट हत्तीच्या पायाशी पडायची. पोरांच्या आया संध्याकाळी जाजमावर येऊन बसायला लागल्या. अनुभवी एकदा आजूबाजूला कुणी नाही असं पाहून झोक्यावर बसले आणि म्हणाले, "माझा अनुभव असा..." पण पुढचं वाक्य त्यांना सुचलं नाही, नुसतेच झुलत राहिले.

शेवटी साहेब आले. बारीक अंगाचे, कोरड्या चेहऱ्याचे गृहस्थ. पाण्याची बाटली स्वतःची, बसायची घडीची खुर्चीही स्वतःची. कुणाचं काही घ्यायचं नाही म्हणून, असं त्यांनी आल्या आल्या सांगितलं, आणि सरपंचांनी पुढे केलेला नारळपाण्याचा पेला वाटेतच परत फिरला. अख्खा गाव जमला होता. मुलं अर्थातच उद्यानात होती, आणि काकूंच्या वर्गातल्या बायकाही.

साहेबांनी घसरगुंडी पाहिली, हत्ती पाहिला, एका कुंडीत बोट घालून माती पाहिली. मग खुर्ची उघडून बसले. "तक्रारदार कोण?"

काका पुढे झाले.

"तुमच्या अर्जात लिहिलंय, इथे उद्यान नाही. मला तर दिसतंय. तुमचं काय म्हणणं आहे?"

सरपंच काकांकडे बघून मान हलवत होते, लहान मुलाला कविता आठवावी म्हणून बाई हलवतात तशी. वाक्य काकांच्या ओठांवर आलेलं होतं. ते बोलायच्या आधी त्यांनी, सवयीने, एकदा फलकाकडे पाहिलं. तू दुसरा. नि पहिला. उ पहिला. सगळं निर्दोष. तपासायला काही उरलंच नव्हतं. आणि डोळ्यांना काही काम उरलं नाही म्हणूनच की काय, पहिल्यांदाच काकांनी त्या फलकावरची अक्षरं सोडून मजकूर वाचला.

पंचायतीच्या. निधीतून. उभारलेले.

असा मजकूर आपण आपल्या हस्ताक्षरात लिहून दिला, पेंटरच्या शेजारी उभं राहून रंगवून घेतला! अक्षरन् अक्षर शुद्ध आणि सगळंच्या सगळं खोटं. तिकडे काकू उभ्या होत्या, कमरेला सभागृहाची किल्ली खोचलेली. 'बोला आणि मोकळे व्हा' असं त्यांचे डोळे म्हणत होते, की आणखी काही, ते एवढ्या लांबून काकांना वाचता येईना.

"साहेब," काका म्हणाले, "फलकात अजून एक चूक राहिली आहे."

सरपंचांची मान हलायची थांबली. साहेबांनी फलक वाचला. "मला तर काही दिसत नाही. कुठे?"

"'उभारलेले' नाही. 'भाड्याने आणलेले' असं हवं."

कुणी काही बोलायच्या आत रस्त्यावर हॉर्न वाजला. रिकामा टेंपो कुंपणाला येऊन थांबला आणि डेकोरेशनवाला उडी मारून उतरला. साहेब कोण, चौकशी कसली, याचं त्याला काही सोयरसुतक नव्हतं. तो घामाघूम झाला होता. "सरपंच, आता बास. फार दिवस थांबलो. संध्याकाळी वाढदिवस आहे माझा, हत्ती सोडा."

"शुभेच्छा," साहेब म्हणाले.

"माझा नाही हो, बुकिंगचा! कारखान्याच्या मालकांच्या नातवाचा. पोरगं हत्तीसाठी अडून बसलंय. ए, त्या घसरगुंडीचे नट काढा रे!"

साहेबांनी शांतपणे पेनचं टोपण काढलं आणि लिहायला घेतलं. सरपंच कुंडीच्या कडेवर टेकले, कुंडी कलंडली. ग्रामसेवक कुठे होते ते कुणी पाहिलं नाही. ते दिसले तेव्हा हत्तीच्या मागे होते. आणि डेकोरेशनवाल्याची दोन माणसं पाने घेऊन घसरगुंडीकडे निघाली.

वर मुलांची रांग लागलेली. सगळ्यात पुढची चिमुरडी वरून खाली बघत होती, तिचा ओठ थरथरायला लागला होता. तेव्हा काकू चालत गेल्या आणि घसरगुंडीच्या खालच्या टोकाला, जिथे पोरं येऊन आपटतात तिथे, पदर खोचून मांडी घालून बसल्या.

"काकू, उठा हो," पानेवाला म्हणाला. "आम्हाला नेऊ द्या."

"न्या की," काकू म्हणाल्या. "माझ्यासकट न्या."

मग वर्गातली एकेक बाई उठली. एक झोक्यावर बसली, दोघी चक्रावर, एक हत्तीवर. ती वजनदार होती, हत्तीने तक्रार केली नाही. आणि बसल्या बसल्या, कुणी सांगितलं नसताना, त्यांनी सा लावला. काका पुढे कित्येक दिवस शपथेवर सांगत की त्या दिवशी तो एकच सा होता.

डेकोरेशनवाल्याने डोक्याला हात लावला. "साहेब, तुम्हीच सांगा यांना!"

साहेब लिहायचे थांबले. त्यांनी सगळीकडे नीट पाहिलं, घसा खाकरला. "ही स्थळपाहणी आहे. इथली प्रत्येक वस्तू या प्रकरणात पुरावा आहे. चौकशी पूर्ण होईपर्यंत इथून काहीही हलवता येणार नाही. परिस्थिती जैसे थे ठेवायची."

"आणि माझा वाढदिवस?"

"दुसरा हत्ती बघा."

वकीलबाई गर्दीतून पुढे आल्या. कोटाची सगळी बटणं लावलेली होती. "साहेब, एक खुलासा हवा. जैसे थे म्हणजे मुलांनी पुराव्यावर खेळायचं की नाही?"

हा प्रश्न कायद्याच्या कुठल्याही पुस्तकात नसावा. साहेबांनी बराच विचार केला. घसरगुंडीवरच्या चिमुरडीकडे पाहिलं. "मी आलो तेव्हा मुलं काय करत होती?"

"घसरत होती."

"मग जैसे थे मध्ये घसरणंही आलं," साहेब म्हणाले, आणि तसं त्यांनी लिहूनही घेतलं.

काकू बाजूला झाल्या, चिमुरडी खाली आली, आणि गावाने टाळ्या वाजवल्या. काका मात्र भीत भीत काकूंपाशी गेले. कबूल केलेलं वाक्य त्यांनी मोडलं होतं; सभागृह आता पुन्हा बंद होणार, सा पुन्हा घरी येणार. "रागावलीस?"

"रागावू कशाला?" काकू साडी झटकत म्हणाल्या. "एवढी वर्षं चुका काढताय, आज पहिल्यांदा धड एक काढलीत."

सभागृह बंद झालं नाही. साहेबांनी चौकशीसाठी तेच मागून घेतलं आणि दुपारनंतर ते बायकांना मोकळं ठेवलं. चौकशी मात्र लांबली. कारण परत जाताना साहेबांनी सहज विचारलं होतं, "गावात असे आणखी फलक आहेत का?" आणि मग गावाने त्यांना उत्साहाने फिरवलं. पथदिव्यांचा फलक होता, प्रसूतिगृहाचा होता, विहिरीच्या जागी तर नुसताच फलक आणि त्याची सावली होती. ग्रामसेवकांची बदली झाली, ते जाताना काकांच्या पाया पडले आणि म्हणाले, "आता झोप लागेल." डेकोरेशनवाल्याने भाड्याचा तगादा इतका लावला की सरपंचांनी सगळा माल स्वतःच्या खिशातून विकत घेऊन टाकला. पुढच्या निवडणुकीचं काय, हे त्यांना कुणी विचारलं नाही. पथदिव्यांचं काम मात्र त्यांनी साहेब पुन्हा यायच्या आत मुकाट्याने सुरू केलं.

एका संध्याकाळी काका उद्यानातल्या बाकावर बसले होते. सरपंच आले आणि शेजारी बसले. त्यांच्याबरोबर त्यांची नात होती, शहरातून सुट्टीला आलेली. ती हात सोडवून पळाली आणि झोक्यावर जाऊन बसली.

मग सरपंचांनी विचारलं, "काका, चौकशी कधी संपणार हो?"

"वकीलबाई म्हणतात, यंदा काही लक्षण नाही."

"अन् संपली की हे सगळं उचलतील?"

"तुमच्या पैशांचं आहे. कोर्ट म्हणेल तसं."

सरपंचांनी मोठा उसासा सोडला. त्यांना वाईट वाटलं की बरं, हे काकांना कळलं नाही; सरपंचांनाही कळलं असेल असं दिसत नव्हतं.

"आजोबा!" नात झोक्यावरून ओरडली. "जोरात!"

सरपंच उठले. बाह्या वर सारल्या, चपला काढून बाकाखाली सरकवल्या, आणि झोक्याला असा काही जोर लावला की नातीचं हसू पार रस्त्यापलीकडच्या गॅलरीपर्यंत गेलं.